पडद्यावरचा हात

लिपोव्हा, नेब्रास्का
९ नोव्हेंबर १९३६

प्रिय वाशेक,

शनिवारी इथे आपल्या चेक लोकांच्या सोकोल सभागृहात तुझा सिनेमा लागला होता. नाव तुझं याही वेळी पडद्यावर नव्हतं, पण ते शोधणं मी कधीच सोडून दिलंय. फिरत्या नाटक कंपनीच्या मागे तू घर सोडलंस त्याला तीस वर्षं झाली. काय खातोस, झोप लागते की नाही, हे तू पत्रात कधी सरळ लिहिलं नाहीस. म्हणून मी सिनेमाला जाते ती गोष्ट बघायला नाही, तुझी तब्येत बघायला. गाल भरलेत की बसलेत, जिना चढताना धाप लागते का, कोटाची बटणं ताणलीत का. चाळीस सेकंद मिळतात, फार तर पन्नास. आमचा डॉक्टरही माणसाकडे त्याहून जास्त वेळ बघत नाही.

या वेळी तू एका श्रीमंत म्हातारीचा बटलर होतास. हातात ट्रे, त्यावर कपबशी. तू दारातून आलास आणि तुझा उजवा हात थरथरायला लागला. कप बशीवर वाजतोय, तू तो दुसऱ्या हाताने दाबतोस, तर चमचा वाजतोय. सगळं सभागृह हसलं. बेदनार खाटकाला हसता हसता ठसका लागला, त्याच्या बायकोने त्याच्या पाठीत गुद्दे घातले. मी हसले नाही.

आपल्या तातांचा हात बावन्नाव्या वर्षी असाच सुरू झाला होता. तू आता अठ्ठेचाळीसचा आहेस. न्हाव्याचा हात हलायला लागल्यावर त्याच्या दुकानाचं काय होतं ते बघायला तू इथे नव्हतास, मी होते. त्यांची ती फिरती खुर्ची अजून खाली तशीच आहे. माझ्याकडे कपडे शिवायला येणाऱ्या बायका पोरांना तिच्यावर बसवून ठेवतात.

मला लांबलचक पत्र नको. एका ओळीत लिही: तुझा हात थरथरतो की नाही?

तुझी ताई,
ल्युडमिला

ता.क. खसखस भरलेले गोड कोलाचे भाजून वेगळ्या डब्यात पाठवलेत. स्टुडिओत वाटू नकोस, खा.


हॉलिवूड
२० नोव्हेंबर १९३६

प्रिय ताई,

कोलाचे पोचले आणि संपलेही. तीन वाटले, खोटं बोलत नाही.

तब्येत ठणठणीत आहे. तू बघितलंस ते आठवायला मला जरा वेळ लागला. त्या दिवशी मी सकाळी सहापासून तीन सेटवर पळत होतो. सकाळी कोर्टातला कारकून, दुपारी रेल्वेतला तिकीट तपासनीस, संध्याकाळी बटलर. माणूस तोच, टोपी तेवढी वेगळी. मध्ये जेवायला वेळ नाही, नुसती कॉफी. दोष द्यायचा तर कॉफीला दे.

आणि ती म्हातारी श्रीमंत होती हे मला तुझ्या पत्रातूनच कळलं. आम्हाला फक्त आपापली पानं देतात. मी आत येतो, ‘चहा, बाईसाहेब’ म्हणतो आणि बाहेर जातो. पुढे कोण मेलं, कुणाचं लग्न लागलं, देव जाणे. एका सिनेमात मी खुनी निघालो हे मला आमच्या कँटीनवाल्याने सांगितलं.

एक विचारू? गाव हसलं म्हणतेस, ते कोण कोण हसलं? जुन्या माणसांपैकी कुणी काही बोललं का?

तुझं अक्षर फार बारीक झालंय. ओळीच्या सुरुवातीला बरं असतं, शेवटाला मुंग्यांची रांग. कागद वाचवतेस का?

तुझा,
वाशेक


लिपोव्हा
१८ जानेवारी १९३७

प्रिय वाशेक,

तुझी कॉफी वाचून दोन दिवस बरं वाटलं. तिसऱ्या दिवशी लक्षात आलं की मी एक ओळ मागितली होती आणि तू दोन पानं लिहिलीस, पण ती ओळ त्यात नव्हती.

मग डिसेंबरात तू कोर्टातला कारकून होऊन आलास. साक्षीदार रडतोय आणि तू मागे बसून लिहितोयस. हात अगदी शांत. मी चर्चमध्ये मेणबत्ती लावून आले. नववर्षाच्या आठवड्यात तू औषधवाला होतास, बाटलीतून थेंब मोजत होतास, आणि निम्मे थेंब टेबलावर. लोक हसले. परवा शुक्रवारी तू तिकीट तपासनीस, हात पुन्हा दगडासारखा.

आता मी स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर खुणा करते. थरथरला की फुली, नाही थरथरला की गोल. फुली, गोल, फुली, गोल असं चाललंय. तातांचा हात एकदा सुरू झाला तो पुढे कधी बरा झाला नाही. तुझा थांबतो आणि परत सुरू होतो. हे कुठलं दुखणं आहे? मला काही कळेनासं झालंय.

गुरुवारी सगळ्या बायका माझ्याकडे उशांसाठी हंसाची पिसं सोलायला बसल्या होत्या. रोझालियाने कॅलेंडर बघितलं. मी म्हटलं, भावाच्या तब्येतीचा हिशेब आहे.

ती म्हणाली, “मग दारू असेल. माझ्या नवऱ्याचंही असंच होतं. एक गोल, एक फुली.”

“माझा भाऊ पीत नाही,” मी म्हटलं.

“माझाही नवरा पीत नाही,” ती म्हणाली. बायका इतक्या हसल्या की निम्मी पिसं चुलीपर्यंत उडाली.

कोण हसलं म्हणून विचारतोस, तर सगळे हसले. तुला कौतुक हवंय का? ते पुष्कळ झालं. मला आधी उत्तर दे.

माझं अक्षर थंडीने बारीक झालंय. इथे दौतीतली शाई गोठते.

ताई


हॉलिवूड
२ फेब्रुवारी १९३७

प्रिय ताई,

आधी ते कॅलेंडर खाली काढ. त्याने तुझं आणि माझं दोघांचं डोकं फिरेल.

तुला सिनेमे ज्या क्रमाने दिसतात त्या क्रमाने आम्ही ते करत नाही. डिसेंबरात पाहिलेला कारकून मी बटलरच्याच दिवशी सकाळी केला होता, ते तुला लिहिलंच होतं. औषधवाला त्याच्याही नंतरचा, उन्हाळ्यातला. आणि शुक्रवारचा तपासनीस तर त्या दिवशीचा नव्हेच, दुसराच, दोन वर्षांपूर्वीचा आहे. तो सिनेमा डब्यात पडून होता, कारण त्यातली नायिका भांडून निघून गेली होती आणि शेवट दुसरीला घेऊन करावा लागला. म्हणजे तू ज्याला आजचा वाशेक समजून मेणबत्ती लावतेस, तो कधी परवाचा असतो, कधी दोन वर्षांपूर्वीचा. गावात रीळ यायला वेळ लागतो तो वेगळाच.

एकाच दिवशी हात सकाळी शांत आणि संध्याकाळी थरथरता, असं कुठलं दुखणं असतं का, तूच सांग. मी ठीक आहे. याहून जास्त मला आत्ता लिहिता येत नाही.

इथे एक मोठी गोष्ट शिजतेय. त्या बटलरचं लोकांना फार हसू आलं. क्रँडल नावाचा आमचा दिग्दर्शक आहे, तो म्हणतो, हा बटलर आता दरवर्षी आणू. बघू.

ताता दुकानाबाहेर बसायचे ते बाकडं अजून आहे का? सहज आठवलं.

वाशेक


लिपोव्हा
११ मे १९३७

प्रिय वाशेक,

हे पत्र टाइपरायटरवर आहे म्हणून दचकू नकोस. आमच्या मंडळाने मला चिटणीस केलं आणि हे यंत्र घरी आणून ठेवलं. एका बोटाने मारते. चुका होतील.

तू सांगितलंस म्हणून कॅलेंडर काढलं. पण सकाळी शांत आणि संध्याकाळी थरथर हे तुझं वाक्य मी डॉक्टरांना दाखवलं, तर ते म्हणाले, माणूस दमला की संध्याकाळी जास्त थरथरतो. तू मला धीर द्यायला लिहिलंस आणि त्याने माझी झोप उडाली.

आता खरं ते ऐक. ईस्टरनंतर तू एका जहाजमालकाचा मुनीम होऊन आलास. मालक कागद पुढे करतो, तू सही करतोस, आणि पडद्यावर नुसता हात येतो, भिंतीएवढा मोठा. हात शांत होता. पण त्याच्या अंगठ्यावर खूण नव्हती. सात वर्षांचा असताना तातांचा वस्तरा घेऊन तू टेबलाला साबण लावून त्याची दाढी करायला गेला होतास, तेव्हाची ती खूण. रक्त मी माझ्या परकराने पुसलं होतं. ती खूण मी विसरेन का?

आपला ओताकार, सोकोलमध्ये सिनेमाचं यंत्र चालवतो तो, त्याला मी सांगितलं. बिचाऱ्याने सोमवारी दुपारी मला एकटीला ते रीळ दोनदा लावून दाखवलं. म्हणाला, “ल्युडमिलाबाई, तुमच्या भावाला मी माझ्या बायकोपेक्षा जास्त निरखून बघितलंय, देव तिच्या आत्म्याला शांती देवो.” मग तो पडद्याजवळ गेला, नाक टेकवून बघितलं आणि म्हणाला, “खूण नाही.”

तो हात तुझा नाही, वाशेक. तुझा हात आता इतका बिघडला का की साधी सही करायलाही त्यांना दुसऱ्याचा हात आणावा लागतो? आणि तू मला कॉफीच्या गोष्टी सांगतोस.

मला खरं कळलंच पाहिजे. का ते विचारू नकोस.

ल्युडमिला


हॉलिवूड
२३ मे १९३७

प्रिय ताई,

तू ‘ताई’ लिहिलं नाहीस. यंत्रावर आणि खाली नुसतं ल्युडमिला. बँकेचं पत्र असावं तसं. तू माझ्यावर रागावली आहेस. का रागावलीस ते मला बहुतेक ठाऊक आहे, पण तू ते लिहीत नाहीस आणि मलाही विचारायचा धीर होत नाही.

हाताचं सांगतो. तो माझा नव्हता, बरोबर. ओताकारला सलाम सांग, इथे कुणाला ते दिसलं नाही. पण त्यात काही काळंबेरं नाही. नुसता हात, नुसतं पत्र, नुसतं घड्याळ असं मोठं करून दाखवायचं असलं की ते आम्हाला थांबवून ठेवत नाहीत. आम्ही घरी गेल्यावर, कधी महिन्याभराने, रिकामा असेल त्या माणसाला माझी बाही चढवतात आणि त्याच्याकडून सही करून घेतात. बड्या बड्या नायकांचे हातसुद्धा दुसऱ्यांचे असतात. तू ज्याच्याकडे भिंतीएवढं बघत होतीस तो एक सुतार होता.

हे सगळं खरं आहे, पण लिहिता लिहिता मलाच ते खोटं वाटायला लागलं. तुझा विश्वास बसला नाही तर मी काय करू?

आता मोठी गोष्ट. स्टुडिओने करार पुढे ठेवलाय. सात वर्षांचा. बटलर माझा, दरवर्षी दोन सिनेमे, आणि पडद्यावर नाव. वॉल्टर हॉर्न असं, ज्याला तू कुत्र्याचं नाव म्हणतेस ते. त्रेसष्ट सिनेमे झाले, ताई. त्रेसष्टांत मी नोकर, कारकून, तपासनीस, साक्षीदार नंबर दोन. नाव एकदाही नाही. अट एकच आहे. कप वाजला पाहिजे. दरवेळी.

सप्टेंबरच्या आत सही करायची आहे. तू हो म्हण, मग करतो.

तुझा,
वाशेक


हॉलिवूड
१ ऑगस्ट १९३७

प्रिय ताई,

दोन महिने झाले. जूनमध्ये तुझे फक्त कोलाचे आले, डब्यात चिठ्ठी नाही. मी कागद तळापर्यंत उकलून बघितला, वाटलं चिकटली असेल.

तू गप्प का आहेस ते मला ठाऊक आहे. तू ओळखलंस. तूच ओळखणार. गावाने ओळखलं नाही यात मला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं, पण वाटलं नाही.

तो हात तातांचा आहे.

माझ्या हाताला काही झालेलं नाही. मी तो हलवतो. दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. क्रँडल माझा प्रवेशच कापायला निघाला होता. म्हणाला, “बटलर येतो, चहा देतो, जातो. याच्यात आहे काय? याच्याऐवजी दार दाखवलं तरी चालेल.” मी म्हटलं, एकदा करू द्या. आणि आत येताना, का ते मला आजही सांगता येत नाही, मला ताता दिसले. मी शेवटचा घरी आलो होतो तेव्हाचे. बाकड्यावर बसलेले, हात टोपीखाली लपवलेला आणि टोपी हलतेय. मी तो हात ट्रेखाली धरला. कप वाजला. सगळा सेट हसला. वर शिडीवर आमचा दिवेवाला असतो, तो खाली पडता पडता वाचला. तेव्हापासून प्रत्येक जण म्हणतो, वॉल्टर, तो हात आण.

आणि मी आणतो. औषधवाल्याला आणला, बटलरला तीनदा आणला. तू विचारलंस, हात थरथरतो का. काय लिहिणार होतो? की थरथरत नाही, ताई, मी बापाचं दुखणं विकतोय? म्हणून कॉफी लिहिली. गावातलं कोण हसलं ते विचारत होतो ते कौतुकासाठी नव्हतं. कुणी तरी उठून म्हणालं असेल, अरे, हा तर न्हाव्याचा हात, असं मला रोज वाटायचं.

तू परवानगी दिलीस तर मला वाटेल की तातांनी दिली. म्हणून विचारलं. आता तू नाही म्हण, मी करार फाडतो. पण काहीतरी म्हण.

तुझा भाऊ,
वाशेक


लिपोव्हा
१२ ऑगस्ट १९३७

वाशेक,

तुझं पत्र मी स्वयंपाकघरात उभ्यानेच वाचलं, मग बसून वाचलं. मग ओताकारकडे गेले. म्हटलं, बटलरचं रीळ मागवून घे. तो म्हणाला, “ते आता ओमाहात आहे, ल्युडमिलाबाई.” मी म्हटलं, मग ओमाहाहून आण. त्याने आणलं. हे पत्र म्हणूनच आठवडाभर उशिरा लिहितेय.

तू मला एक सांग. वर्षभर मी ज्या हातासाठी मेणबत्त्या जाळल्या, कॅलेंडर भरलं, डॉक्टरांचं डोकं खाल्लं, तो धडधाकट आहे? मला आधी इतकं हसू आलं की ओताकारने यंत्र थांबवलं.

आता हे नीट वाच, कारण टाइप करायला मला सकाळ जाते.

तू तातांचा हात चुकीचा करतोस.

तुझा हात ट्रे उचलला की थरथरतो, आणि ट्रे ठेवून कोटाच्या बाजूला सोडलास की गप्प बसतो. तातांचा बरोबर उलटा होता. मांडीवर ठेवला की थरथरायचा, बाकड्यावर बसले की थरथरायचा, टोपीखाली थरथरायचा. वस्तरा हातात घेतला की थांबायचा. गिऱ्हाइकाच्या गालापाशी पोचेपर्यंत तो हात तुझ्यामाझ्या हातासारखा व्हायचा. पहिली चार वर्षं तरी असंच होतं. त्या चार वर्षांत त्यांनी एका माणसाला ओरखडा काढला नाही. लोकांनी त्यांना रस्त्यावर बसलेलं बघितलं, हलणारी टोपी बघितली आणि खुर्चीत बसायलाच आले नाहीत. बेदनार खाटीक दुसऱ्या न्हाव्याकडे गेला, पाद्री गेले, त्यांच्या मागचा माणूस गेला. कुणी एकदा बसून बघितलं असतं तर कळलं असतं. ताता रोज सकाळी वस्तऱ्याला धार लावायचे आणि संध्याकाळी पेटीत ठेवायचे. मी रोज बघत होते. तू गेला होतास म्हणून तुला फक्त टोपी दिसली. त्यात तुझा दोष नाही.

तू चुकीचा करतोस हे मला आत्ता कसं कळलं? रीळ बघताना ओताकारने चहा दिला होता. माझा हात मांडीवर थरथरत होता. मी कप उचलला आणि तो थांबला. पडद्यावर तुझा कप वाजत होता आणि माझा नाही. तेव्हा डोक्यात लख्ख झालं.

हो, वाशेक. मला आहे. मागच्या वर्षी सप्टेंबरात उजवीकडे सुरू झाला, नाताळाच्या सुमाराला डावीकडे आला. अक्षर बारीक झालं ते थंडीने नाही. मंडळाने मला चिटणीस केलेलं नाही, यंत्र मी स्वतः आणलं. टाके घालायचे तर अजून जमतं, पण बोटं आळशी झालीत, एक फ्रॉक शिवायला दोनाचे पाच दिवस लागतात. जूनमध्ये चिठ्ठी नव्हती कारण त्या दिवशी मी तीनदा लिहायला बसले आणि तुझ्या नावापुढे गेले नाही. तुला वाटलं मी रागावले. मी कशाला रागावू?

मला तुझं कळायलाच हवं होतं, कारण दोघांनाही असलं तर कुणी कुणाचा चमचा धरायचा? आणि तुझा चांगला असला तर तुला सांगायचं नव्हतं, तू सगळं टाकून धावत येशील म्हणून. बघ, शेवटी सांगितलंच.

कराराचं विचारतोस. सही कर. ताता हसरे होते, त्यांना कप वाजलेला आवडला असता. पण तातांचा हात म्हणून करायचा असेल तर त्यांचा कर. नाही तर तो तुझा आहे, आणि त्याच्यासाठी परवानगी लागत नाही.

ताई


हॉलिवूड
२९ ऑगस्ट १९३७

प्रिय ताई,

काल बटलरच्या नव्या सिनेमाचा पहिला प्रवेश झाला. करार टेबलावर होता, क्रँडल म्हणाला, हे झालं की सही, मग केक.

प्रवेशात मी स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसलेलो असतो, घंटा वाजते, मी ट्रे घेऊन जातो. मी बसलो आणि उजवा हात गुडघ्यावर ठेवला आणि तो हलू दिला, तू लिहिलंस तसा. थोडा वेळ त्याच्याकडे बघितलं, मग त्याच्यावर टोपी ठेवली. घंटा वाजली. मी उठलो, ट्रे उचलला आणि हात थांबवला. ताई, चालत दारापर्यंत गेलो, कप एकदाही वाजला नाही. वीस पावलं. मला स्वतःलाच तो कप वाजावासा वाटत होता.

सेटवर कुणी हसलं नाही.

क्रँडल जवळ आला. म्हणाला, “वॉल्टर, हे काय केलंस? हा तर आजारी माणूस झाला.”

“हो,” मी म्हटलं.

“आजारी माणसाला लोक हसत नाहीत.”

“नाही हसत.”

“मग जुनंच कर ना, बाबा.”

मी म्हटलं, करतो. त्याच्यावर राग नव्हता, तो लोकांना हसवायलाच बसलाय. मी पुन्हा ट्रे घेतला आणि हात हलवायला गेलो. हलेना. पाचदा केलं. तीस वर्षांत लोकांनी सांगितलेलं मला जमलं नाही असं पहिल्यांदाच झालं. इकडे माझा चांगला हात हलत नाही म्हणून सगळे काळजीत, आणि वर्षभर तू तिकडे तो हलतो म्हणून काळजीत. मला त्या गोंधळातही हसू आलं, ते क्रँडलला आवडलं नाही.

तो दिवेवाला, जो माझ्या प्रत्येक कपाला खिदळायचा, तो शिडीवरून उतरला आणि माझ्यासाठी खुर्ची घेऊन आला. मी ठणठणीत आहे असं त्याला सांगितलं, तर म्हणाला, “हो हो, बसा तुम्ही.”

बटलर दुसऱ्याला दिला. माणूस चांगला आहे, हात त्याला छान हलवता येतो. मला म्हणाले, कारकून, तपासनीस केव्हाही आहेत, परत आलास की ये. चौसष्टावा नावाशिवायच होणार म्हणजे. मला वाटलं होतं वाईट वाटेल. उद्या कदाचित वाटेल. आज नीटसं कळत नाही काय वाटतंय ते.

मी निघतोय. चौदा सप्टेंबरच्या दुपारच्या गाडीने पोचतो. हिवाळाभर राहीन, पुढचं पुढे. चमचा कुणी धरायचा त्याचं उत्तर हे आहे.

एक मागणं आहे. निघण्याआधी मला तुझी एक ओळ येऊ दे, यंत्रावरची नको. कितीही बारीक असू दे.

तुझा,
वाशेक


लिपोव्हा
४ सप्टेंबर

वाशेक,

हाताने लिहितेय. सकाळी बसले, आता ऊन खुर्चीपर्यंत आलंय. चष्मा लावून वाच.

स्टेशनवर ओताकार येईल. म्हणतो, तुला ओळखायला त्याला चाळीस सेकंद पुरतील.

येताना दाढी करू नकोस. तातांचा वस्तरा पेटीतून काढलाय, धार लावलीय. खालच्या खुर्चीत बस. माझा हात थरथरेल, पण वस्तरा उचलेपर्यंतच.

ताई